सुपर मारिओ ब्रदर्स देवनागरीत: प्रकल्प नोंदी

१२ जुलै

काम ठरलं. एनईएसवरचा (निन्टेंडोचं जुनं गेम यंत्र) सुपर मारिओ ब्रदर्स (१९८५) घ्यायचा आणि त्यातला सगळा मजकूर मराठीत, देवनागरी अक्षरांत आणायचा. शेवटी तो खऱ्या यंत्रावर, खऱ्या टीव्हीवर वाचता आला पाहिजे. एम्युलेटरवर (संगणकातल्या नकली यंत्रावर) दिसलं म्हणजे अर्धं काम झालं, एवढंच.

फाइल माझ्याच कार्ट्रिजमधून काढलेली. आकार ४०,९७६ बाइट: १६ बाइटांचं हेडर, ३२,७६८ बाइट प्रोग्रॅम, ८,१९२ बाइट चित्रं. मॅपर (कार्ट्रिजमधली मेमरी जोडायची पद्धत) शून्य, म्हणजे बँका (मेमरीचे अदलाबदल करता येणारे तुकडे) बदलायची सोयच नाही. हत्यारं नेहमीचीच: एफसीईयूएक्स हा एम्युलेटर (डीबगर, आणि चित्रचिपमधल्या टाइल दाखवणाऱ्या पीपीयू व्ह्यूअरसाठी), एक टाइल एडिटर, आणि या खेळाचं टिपणांसहित डिसअसेम्ब्ली (यंत्रभाषेतून वाचण्याजोगा केलेला कोड). ते टिपण नसतं तर हा उद्योग हाती घेतलाच नसता.

स्वतःला घातलेली अट: फाइल एका बाइटनेही वाढू द्यायची नाही.

(खाली जिथे पडद्याचे पत्ते येतील ते हेक्समध्ये (१६ च्या आधाराने मोजलेले), बाकी सगळे आकडे दशमान.)

१३ जुलै

सोप्यापासून सुरुवात. पार्श्वभूमीसाठी २५६ टाइल आहेत, प्रत्येक ८ बाय ८ पिक्सेलची, १६ बाइटांची. त्यातल्या पहिल्या दहा म्हणजे अंक, पुढच्या २६ म्हणजे इंग्रजी अक्षरं, आणि क्रमांक ३६ म्हणजे कोरी जागा. अंकांच्या दहा टाइलांवर ० ते ९ देवनागरीत काढले. कोडला हात न लावता गुण, नाणी, जगाचा क्रमांक, उरलेली वेळ सगळं एका फटक्यात बदललं. ५ आणि ८ काढताना बरंच खोडावं लागलं, बाकीचे अंक निमूट बसले.

उडी मारून शत्रू चिरडला की वर तरंगणारे १००, २०० मात्र तसेच राहिले. ते स्प्राइट (पार्श्वभूमीवर सुटी हलणारी चित्रं) आहेत, त्यांच्या टाइल वेगळ्या, आणि तिथे एका आठ पिक्सेलांच्या टाइलमध्ये दोन दोन अंक कोंबलेले आहेत. १ ला तीन पिक्सेल, मध्ये एक मोकळा, शून्याला तीन. वाचता येतं. ४० मधला चौकार मात्र चौकार आहे हे माहीत असलेल्यालाच कळेल.

१९ जुलै

आता अक्षरं. इथे देवनागरीची एक बाजू आपल्या फायद्याची आहे: टाइल एकमेकींना चिकटून बसतात, त्यामुळे शिरोरेषा आपोआप अखंड होते. इंग्रजी अक्षरांना दोघांमध्ये फट ठेवावी लागते, आपल्याला ती नकोच आहे. पहिला ग:

████████
·█···█··
·█···█··
·█···█··
██···█··
██···█··
·····█··
········

तोट्याची बाजू म्हणजे शिरोरेषेच्या वरचा संसार. मात्रा, वेलांटी, अनुस्वार यांना वरच्या ओळीतली टाइल लागते. उकार खालच्या दोन पिक्सेलांत कसेबसे मावतात. मूळ खेळातली गुणफलकाची ओळ वरून तिसरी आहे (ओळी शून्यापासून मोजल्या तर क्रमांक २), म्हणजे मात्रा क्रमांक १ च्या ओळीत, तिच्या तळाच्या तीन पिक्सेलांत. टीव्ही पडद्याचा वरचा काठ थोडा कापतो, पण तो इतका खाली येत नाही.

पूर्ण वर्णमालेचा फाँट करायचा विचार सोडून दिला. जोडाक्षरं धरली तर तो या यंत्रात मावणारच नाही. जे शब्द खेळात आहेत तेवढेच चित्र म्हणून काढायचे आणि आठ आठ पिक्सेलांवर कापायचे.

२० जुलै

गुणफलक. या खेळात पडद्यावर मजकूर टाकायची पद्धत अशी: दोन बाइट पत्ता, एक बाइट लांबी, मग तेवढ्या टाइलांचे क्रमांक. मारिओचं नाव २०४३ वर, ३ अधिक ५ असे ८ बाइट. जग आणि वेळ यांची इंग्रजी लेबलं २०५२ वर एकाच तुकड्यात, मधल्या दोन कोऱ्या जागा धरून ३ अधिक ११, म्हणजे १४. एकूण २२ बाइट. त्याला लागूनच पुढचा डेटा आहे, तेव्हा मलाही २२ च मिळणार.

ओळ वाढली की पत्ता आणि लांबी असे तीन बाइट नव्याने भरावे लागतात, म्हणून मात्रा महाग. हिशेब असा बसवला: मारिओ चार टाइलांत (७ बाइट), "जग", तीन कोऱ्या जागा आणि "काळ" (१० बाइट), आणि वर मारिओची वेलांटी व ओ ची मात्रा (५ बाइट). बरोबर २२. "वेळ" हवा होता, पण त्या एका मात्रेला चार बाइट लागतात आणि ते नाहीत. "काळ" वर काहीच डोकं काढत नाही. पडद्याच्या कोपऱ्यात काळ उलटा मोजत बसलाय हे जरा भयंकर वाटतं खरं.

२६ जुलै

नाण्याच्या चित्राबद्दल वाचलेलं तपासून पाहिलं. गुणफलक स्थिर राहतो आणि खालचं जग सरकतं, ते शून्य क्रमांकाच्या स्प्राइटच्या जोरावर. तो स्प्राइट पडद्यावर आडवा ८८, उभा २४ वर ठेवलेला असतो, नेमका गुणफलकातल्या नाण्याच्या मागे. त्याचा ठिपका आणि नाण्याचा ठिपका एकमेकांवर आले की चित्रचिप एक खूण वर करते, आणि ती दिसली की प्रोग्रॅम स्क्रोल बदलतो. तोवर तो दुसरं काहीही करत नाही. वाट पाहण्याला मर्यादा घातलेलीच नाही.

मुद्दाम नाण्याची टाइल कोरी केली. खेळ सुरू होताच गोठला. नाणं परत आणलं, चालू. म्हणजे गुणफलकात काहीही हलवा, नाणं जागचं हलता कामा नये आणि त्याचा खालचा काठ भरलेला हवा. सजावटीतलं दिसणारं हे नाणं सगळ्या खेळाचा खिळा आहे.

२७ जुलै

दोन खेळाडूंचा खेळ लावून पाहिला, लुइजीचं नाव अजून इंग्रजीतच ठेवून. त्याची पाळी आली आणि "जग" व "काळ" दोन्ही लेबलं गायब.

कारण सुंदर आहे. लुइजीसाठी वेगळा गुणफलक लिहिलेलाच नाही. मारिओचा मजकूर बफरमध्ये (तात्पुरत्या मेमरीत) उतरवला जातो आणि मग एक छोटा लूप नावाच्या जागी लुइजीची पाच अक्षरं चढवतो. दोघांची नावं इंग्रजीत पाच पाच अक्षरांची, म्हणून एवढ्यावर भागतं. माझा मारिओ चार टाइलांचा. पाचवं अक्षर पुढच्या तुकड्याच्या पत्त्यावर जाऊन बसलं, २०५२ चं १२५२ झालं, आणि तिथे चित्रांची रॉम (फक्त वाचता येणारी मेमरी) आहे, लिहिलेलं सगळं हवेत.

लूपचा आकडा ४ वरून ३ केला तर हे सुटतं, एका बाइटचं काम. पण वरच्या मात्रा लुइजीच्या पाळीलाही मारिओच्याच राहतात. आणि हाच लूप "टाइम अप" आणि "गेम ओव्हर" च्या पाट्यांवरही नाव बदलतो. म्हणजे नावाची लांबी प्रोग्रॅममध्ये कुठेच लिहिलेली नाही आणि सगळीकडे गृहीत आहे. या खेळाचं भाषांतर म्हणजे बहुतांशी ही शोधाशोध: अक्षरं कुणी कुणी मोजून ठेवली आहेत.

२ ऑगस्ट

फ्लॅश कार्ट्रिजवर (पुन्हा पुन्हा लिहिता येणाऱ्या) टाकून जुन्या काचेच्या टीव्हीवर पाहिलं, काँपोझिट केबलने. निराशा. उभ्या रेघा रंगीत होऊन थरथरतात, "जग" मधला ज तर निळ्या आकाशात विरघळला. एम्युलेटरवर हेच शब्द कोरल्यासारखे स्पष्ट होते.

काँपोझिट सिग्नलमध्ये उजेड आणि रंग एकाच तारेतून येतात. एका पिक्सेलची उभी रेघ म्हणजे इतका जलद बदल, की टीव्ही त्यातला काही भाग रंग समजून बसतो. मूळ अक्षरांकडे पुन्हा पाहिलं. त्यांच्या उभ्या रेघा दोन पिक्सेल जाड आहेत, आडव्या एक. मी ती जाडी शैली समजत होतो.

सगळे दंड दोन पिक्सेलांचे केले:

████████
·██··██·
·██··██·
·██··██·
·██··██·
██···██·
·····██·
········

आता टीव्हीवर ग हा ग दिसतो. पण मारिओ चार टाइलांत मावेना.

३ ऑगस्ट

मावला नाही ते बरंच झालं. मारिओ पाच टाइलांचा केला, लुइजीही पाच, आणि लूप मूळचा जसा होता तसाच ठेवला. नावांच्या मात्रांचं काय? नावांपुरती शिरोरेषा खाली आणली: वर दोन पिक्सेल वेलांटीला, मग शिरोरेषा, मग पाच पिक्सेल अंगाला. दाटीवाटीचं आहे, पण पाच वेगवेगळी अक्षरं ओळखायची नसून ओळखीचं नाव ओळखायचं आहे. नाव जिथे जिथे जाईल तिथे आपल्या मात्रा बरोबर घेऊन जाईल, दुसऱ्या ओळीवर विसंबून राहणार नाही.

नवा हिशेब: नाव ८, लेबलं १०, उरले ४. आणि चार बाइटांत एक मात्रा बसते. "काळ" गेला, "वेळ" आला.

शेजारी शेजारी दोन उंचीच्या शिरोरेषा दिसतात, हे डोळ्याला खटकतं. मग सगळंच बुटकं का करू नये? कारण पाच पिक्सेलांत व आणि ब, घ आणि ध यांचे घोटाळे होतात. जिथे जागा आहे तिथे पूर्ण उंचीच हवी.

"टाइम अप" ची सात अक्षरं आणि "गेम ओव्हर" ची नऊ. बुटक्या अक्षरांत "वेळ संपली" सात टाइलांत आणि "खेळ संपला" आठ अधिक एक कोरी, असं बसवलं. इथे फारसं काही घडलं नाही.

९ ऑगस्ट

वॉर्प झोनची (थेट पुढच्या जगांत नेणाऱ्या पाइपांची गुप्त जागा) पाटी. इंग्रजी वाक्य २१ अक्षरांचं, पत्ता आणि लांबी धरून २४ बाइट, आणि त्यामागे तीन पाइपांवरच्या आकड्यांसाठी एक एक जागा. कोड त्या आकड्यांपैकी पहिला बफरच्या सुरुवातीपासून २७ बाइट सोडून ठेवतो: २४, अधिक पुढच्या तुकड्याचे ३. पाटी आखूड केली की आकडे भलतीकडे.

तो २७ बदलता येतो. पण २४ बाइट मिळतच असतील तर वापरावेत. "चोरवाट सापडली!" मुख्य ओळीत १२ टाइल, म्हणजे १५ बाइट. "चो" च्या मात्रेला दोन टाइल, ५ बाइट. "ली" च्या वेलांटीला एक, ४ बाइट. चोवीस. २७ जागच्या जागी. शब्द असेच निवडावे लागतात, आधी बाइट मोजून मग अर्थ पाहून. "स्वागत" हवं होतं, पण खजिना सापडल्याचा आनंद "सापडली" तच जास्त आहे.

एक बारीक गोष्ट: मजकूर २५५ या बाइटवर संपतो, म्हणून २५५ क्रमांकाची टाइल मजकुरात कधीच वापरता येणार नाही.

१६ ऑगस्ट

टाइलांचा ताळा मांडला. खेळताना दिसणाऱ्या मराठी शब्दांना सुमारे ४० टाइल. सुरुवातीच्या मेनूतल्या "खेळाडू" ला पाच. किल्ल्यातल्या संदेशांना अजून काढलेल्याच नाहीत. मिळणाऱ्या टाइल: २६ अक्षरं, त्यातून शीर्षकावरच्या मूळ हक्काच्या (कॉपीराइटच्या) ओळीला लागणारी सहा वजा, कारण ती ओळ मी पुसणार नाही. उरल्या २०. हे जमत नाही.

एका टाइलमध्ये दोन अक्षरं लपवायची जुनी युक्ती आहे. टाइलच्या दोन बिटप्लेनांत (रंगाचा एकेक बिट धरणाऱ्या थरांत) दोन वेगळी चित्रं ठेवायची आणि पॅलेट (रंगसंच) बदलून एकेक दाखवायचं. विचार केला आणि सोडला. रंग १६ बाय १६ पिक्सेलांच्या चौकटीला लागतो, आणि इथे आकाश कधी निळं, कधी काळं. दर जगाला पॅलेटशी भांडण.

मग पीपीयू व्ह्यूअरमध्ये शेवटच्या २० टाइलांकडे लक्ष गेलं. तिथे नुसता कचरा दिसतो. तो कचरा नाही, शीर्षकाच्या पडद्याचा आराखडा आहे, ३१४ बाइट. प्रोग्रॅमच्या ३२ किलोबाइटांत जागा उरली नाही म्हणून त्यांनी तो चित्रांच्या रॉममध्ये ठेवला आणि चित्रचिपमार्फत परत वाचून घेतला. ढग आणि झुडूप एकाच टाइलांचे, फक्त रंग वेगळा, हे सगळ्यांना ठाऊक असतं. पण चित्रांच्या गोदामात मजकूर नेऊन ठेवणं ही त्याहून मोठी काटकसर आहे, आणि तिच्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही.

यावरच वाट सापडली. शीर्षकाचा आराखडा आणि हक्काची ओळ फक्त शीर्षकाच्या वेळी लागतात. किल्ल्यात ढग, झुडपं, टेकड्या, झाडं लागत नाहीत. चित्रांच्या बँका बदलता आल्या तर जागाच जागा. अट मोडतो. मॅपर शून्यवरून तीन: प्रोग्रॅम तेवढाच, चित्रं चार बँकांत ३२ किलोबाइट. फाइल ६५,५५२ बाइट. प्रोग्रॅम एका बाइटने वाढलेला नाही, एवढ्यावर मनाची समजूत.

१७ ऑगस्ट

बँक बदलायचा कोड. मॅपर तीनमध्ये प्रोग्रॅम रॉमच्या पत्त्यावर बँकेचा क्रमांक लिहायचा. अडचण अशी की त्याच क्षणी रॉमही आपला बाइट बसवर (डेटाच्या सामाईक तारांवर) टाकत असते, दोघांचे बाइट वेगळे असले तर काय होईल त्याचा भरवसा नाही. म्हणून जे लिहायचं तेच जिथे आधीपासून आहे तिथेच लिहायचं. पाच बाइटांचं टेबल केलं: पाणी, जमीन, भुयार, किल्ला आणि शीर्षक. टेबलातून क्रमांक वाचायचा आणि टेबलातल्या त्याच जागी परत लिहायचा. वाय रजिस्टरमध्ये (प्रोसेसरच्या एका कप्प्यात) विभागाचा प्रकार, खेळ शीर्षकावर असेल तर ४. एकूण १७ बाइट कोड.

तेवढे बाइट आणायचे कुठून? डिसअसेम्ब्लीत काही तुकड्यांवर "कधीच वापरलं जात नाही" असा शेरा आहे. डीबगरच्या कोड-डेटा लॉगरने (कुठले बाइट वापरले जातात ते टिपणारं साधन) पूर्ण खेळ नोंदवला, तो शेरा खरा निघाला, आणि त्या जागी आपलं बस्तान मांडलं. या कोडला हाक नवा विभाग उभा राहताना मारायची, पडदा बंद असतो तेव्हा.

जमिनीच्या बँकेत आता अक्षरांच्या २६ आणि आराखड्याच्या २०, अशा ४६ जागा. त्यातली शेवटची, २५५ क्रमांकाची, मजकुराला बाद, म्हणजे ४५.

२४ ऑगस्ट

किल्ला. इथे मूळ लेखकांनी नकळत उपकार केले आहेत: संदेशाच्या दोन ओळी क्रमांक १४ आणि १६ वर आहेत, मध्ये एक ओळ मोकळी. मात्रांसाठी हवी तशी.

"पण राजकन्या दुसऱ्या किल्ल्यात आहे!" सगळा जीव "ऱ्या" त गेला. तो झोके घेणारा अर्धा र दोन पिक्सेलांत आडव्या रेघेसारखा दिसतो आणि "दुस-या" वाचलं जातं. नुसत्या रेघेने तो होत नाही, डाव्या टोकाला एक पिक्सेल वर आणि उजव्या टोकाला एक खाली उतरावा लागतो, आणि शिरोरेषेपासून दोन पिक्सेल सुटा. "वेगळ्या" लिहून सुटका झाली असती. पण मराठी खेळात "ऱ्या" नीट दिसला नाही तर एवढा खटाटोप कशाला? किल्ल्याच्या बँकेत ढगांच्या जागा मोकळ्याच होत्या, त्याला स्वतःच्या दोन टाइल दिल्या. टीव्हीवर चार पावलं मागे जाऊन पाहिलं. "ऱ्या" च आहे.

"ल्ल" एकाखाली एक काढायची हौस आठ पिक्सेलांत परवडत नाही. शेजारी शेजारी.

शेवटच्या किल्ल्याचे संदेश तपासायला दर वेळी खेळ संपवत बसलो नाही. मेमरीत जगाचा क्रमांक ७ केला (मोजणी शून्यापासून) आणि थेट आठव्या जगात उतरलो.

३० ऑगस्ट

पॅच. खेळाची फाइल वाटायची नाही, फक्त फरक द्यायचा. आधी आयपीएस या प्रकारचा पॅच करून पाहिला आणि टाकून दिला. नव्या बँकांमध्ये मूळ चित्रांच्या प्रती आहेत, आणि आयपीएसला "मूळ फाइलमधून उचल" असं सांगता येत नाही. जे नवीन जागी आहे ते सगळं तो पॅचमध्ये भरतो, म्हणजे मूळ चित्रंही त्यातून गेली असती. बीपीएस या दुसऱ्या प्रकारात मूळ फाइलच्या कुठल्याही जागेवरून नकल करायची सूचना असते, त्यामुळे पॅचमध्ये उरतात त्या माझ्या टाइल, माझा कोड आणि सूचना. शिवाय त्यात मूळ फाइल, तयार फाइल आणि खुद्द पॅच, तिन्हींचे चेकसम (पडताळणीचे आकडे) असतात. चुकीच्या आवृत्तीवर तो लागतच नाही.

कोऱ्या प्रतीवर पॅच लावला, ६५,५५२ बाइट, चेकसम जुळला. कार्ट्रिजवर दोन खेळाडूंनी पूर्ण खेळ झाला: दोन्ही नावं, तिन्ही चोरवाटा, सगळे किल्ले, "वेळ संपली" मुद्दाम उभं राहून. चौथ्या जगातली वेलीवरून जाणारी चोरवाट जमिनीच्या बँकेत उघडते, भुयाराच्या नाही, म्हणून तिची पाटी वेगळी तपासली. तिन्ही आकडे पाइपांवर जागच्या जागी आहेत.